रीडिंग

ज्यांना किल्ला बघायचाय त्यांनी इथूनच रिक्षा करावी.
आपण खासबागेतून वडगावात शिरणार, चालत.
टोपी असेल तर घाला.
सावलीचं टेंडर अजून निघालेलं नाही.

मी परशराम हुंदरे. इतिहासाचा माणूस नव्हे.
एकतीस वर्षं विजेचे मीटर वाचले
याच बोळांतून, मान वर करून.
तेव्हा राजे विचारू नका.
सनावळी त्या कोपऱ्यावरच्या फलकावर आहे,
फलकावर निवडणुकीचा उमेदवार आहे.
मला विचारा, कुठल्या घरी किती युनिट.

आज सात जण. दोघं पुण्याचे,
एक धारवाडची पोरगी, भिंत दिसली की बोटानं खरवडणारी,
बाकीचे इथलेच, टिळकवाडीतले,
जन्म गावात गेला आणि हा बोळ आज बघतायत.
मी काही बोलत नाही. दोनशे रुपये दिलेत त्यांनी.

हे निळं दार उपऱ्यांचं.
चार माग होते. महिन्याला सातशेच्या वर.
मग चारशे. मग एका दिवाळीनंतर नव्वद.
मी रिटायर झालो त्या महिन्यात अकरा.
अकरा म्हणजे एक बल्ब
आणि त्याच्याखाली एक माणूस.

इथं लोक मोठ्यानं बोलतात, दचकू नका.
भांडत नाहीत.
मागांच्या वर आवाज काढायची सवय घशाला लागली,
माग गेले, घसा तिथंच राहिला.

या पायरीवर तुळसाक्का बसायची.
बिल यायचं कन्नडात. माझ्या नाकापुढं धरायची,
काय लिवलंय, वाच की रे.
मी मराठीतून वाचायचो. आकडा तोच निघायचा.
ती म्हणायची, परत वाच,
तुझ्या भाषेत जरा कमी आसंल.
शेजारची निंगव्वा कन्नडातून हसायची.
तिचं बिल मोठं होतं,
हसूनच घ्यायची ती आधी.

पुण्याच्या बाई विचारतात, तुम्ही मूळचे कुठले?
मी सांगतो, पुढच्या गल्लीतला.
त्याच्या मागचं विचाराल तर
कोर्टात तारीख पडत्येय.
त्या लिहून घेतात.

आता डावीकडं. डोकं सांभाळा, पन्हाळं खाली आलंय.
इथं मी थांबतो. दर रविवारी थांबतो.
लोकांना वाटतं, वय झालं, दम लागला.
बाटल्या काढतात, मोबाइल काढतात.
मी बोलायला पाहिजे, दोनशे रुपये दिलेत त्यांनी,
पण हे घर माझ्या टिपणात नाही.

तीन बिलं थकली होती. वरून कागद आला.
लाइनमन सुट्टीवर, म्हणून शिडी मी लावली.
आत महादेव कामकर मागावर,
लाल काठाचं लुगडं, वीतभर उरलेलं.
त्यानं हात वर केला. थांब, असा नव्हे.
वीतभर, असा.
बोटं ताणून दाखवली त्यानं माप.
मी वायर ओढली.

धारवाडची पोरगी विचारते, अंकल, या भिंतीत काय आहे?
मी म्हणतो, चुना.

सगळे पुढं गेलेत, चहाच्या वासावर.
मी मान वर करतो.
मीटर नवा आहे, लाल ठिपका लुकलुकतो,
आपलं आपण वाचतो, आपलं आपण कळवतो,
माणूस लागत नाही.
तरी मी वाचतो. चौदा.
खिसा चाचपतो. वही नाही, पेन आहे.

आतून आवाज येतो, मोठ्यानं,
माग चालू असल्यासारखा,
कोण हाय?

कोणी नाही, मी म्हणतो, मीटरवाला.
हळू म्हणतो.
आत ऐकू जात नाही,
आणि परत विचारतात.